रामगडची गुहा आणि ग्रीक सुखात्मिका

छत्तीसगडच्या उत्तर भागात, सरगुजा जिल्ह्यातील उदयपूरजवळ, रामगड नावाचा डोंगर आहे. या डोंगराच्या पोटात हाथीपोल नावाचा एक नैसर्गिक बोगदा असून त्यातून पलीकडे गेले असता सीताबेंगरा आणि जोगीमारा या दोन गुहा लागतात. सीताबेंगरा ही गुहा सुमारे 44 फूट लांब आणि 15 फूट रुंद आहे. तिची उंची इतकी बेताची आहे, की उंच माणसाला आत ताठ उभे राहावयाचे तर सांभाळूनच राहावे लागेल. आत भिंतींच्या कडेने खडकातच कोरलेले ओटे आहेत, तर बाहेर गुहेच्या तोंडासमोर खडकात अर्धवर्तुळाकार पायऱ्या कोरलेल्या आहेत. प्रवेशापाशी जमिनीत दोन खोबणी आहेत. त्यांत लाकडी खांब उभे करून पडदा टांगत असावेत, असा तर्क पुढे करण्यात आला.

हा तर्क करणारे विद्वान म्हणजे भारतीय पुरातत्त्व विभागातील जर्मन अधिकारी थिओडोर ब्लॉख. 1904 च्या सुमारास त्यांनी या गुहांची पाहणी केली आणि विभागाच्या 1903-04 च्या वार्षिक वृत्तान्तात आपले मत मांडले. त्यांच्या मते सीताबेंगरा ही साधुसंन्याशांची निवासगुहा नव्हे, तर ते एक लहानसे नाट्यगृह होय. आणि अर्धवर्तुळात चढत जाणाऱ्या या पायऱ्या पाहता त्याच्या रचनेवर ग्रीक रंगमंडलाची छाप असली पाहिजे. गुहेतील ब्राह्मी लेख इ. स. पूर्व तिसऱ्या किंवा दुसऱ्या शतकातील मानला जातो. म्हणजे अलेक्झांडर पंजाबातून परत फिरल्यानंतर शंभर-दीडशे वर्षांच्या आत, मध्य भारतातील साल वृक्षांच्या अरण्यात, अथेन्सच्या धर्तीचे एक नाट्यगृह उभे होते, असा या मताचा अर्थ झाला.

हे मत तेव्हा एकाएकी आकाशातून पडले नव्हते. भारतीय नाटकाचा उगम ग्रीक नाटकात आहे काय, हा वाद युरोपात त्यापूर्वी पन्नास वर्षे चाललेला होता, आणि त्या वादाच्या केंद्रस्थानी ग्रीकांची शोकांतिका नसून सुखात्मिका होती. वाद का निर्माण झाला, तो कशाच्या आधारावर उभा होता आणि आज त्यातील काय शिल्लक राहिले आहे, हे समजावयाचे असेल तर प्रथम ग्रीक सुखात्मिका म्हणजे काय, हे पाहणे अवश्य आहे.

दोन सुखात्मिका

मराठी वाचकाला ग्रीक नाटकाचा परिचय बहुधा शोकांतिकेच्या द्वारा झालेला असतो. ॲरिस्टॉटलच्या काव्यशास्त्राचा विंदा करंदीकरांनी केलेला अनुवाद 1957 साली प्रसिद्ध झाला, पु. ल. देशपांडे यांनी सोफोक्लीसच्या ईडिपसचे मराठी रूप 1979 साली वाचकांपुढे ठेवले. सुखात्मिकेच्या वाट्याला हे भाग्य फारसे आले नाही. यात केवळ अनुवादकांची उदासीनता आहे असे नव्हे. ॲरिस्टॉटलने सुखात्मिकेविषयी जे लिहिले असावे तो ग्रंथभागच नष्ट झाला आहे. शिवाय ईडिपसचे दुःख कोणत्याही भाषेत दुःखच राहते. पण अडीच हजार वर्षांपूर्वीच्या एखाद्या नगरपुढाऱ्याच्या नावावर केलेली कोटी दुसऱ्या भाषेत नेली की तिच्याखाली टीप जोडावी लागते, आणि टीप वाचून कोणी हसल्याचे ऐकिवात नाही.

ग्रीक सुखात्मिका ही एक नव्हे. अभ्यासकांनी तिचे ढोबळ मानाने जुनी आणि नवी असे भेद केले आहेत. दोहोंच्या मध्ये एक संक्रमणाचा काळही मानला जातो. अथेन्समध्ये डायोनायसस या देवतेचा मोठा उत्सव वसंत ऋतूत होत असे. त्या उत्सवात सुखात्मिकांची अधिकृत स्पर्धा इ. स. पूर्व 486 पासून सुरू झाली. हिवाळ्यातील लेनाया या दुसऱ्या उत्सवातही पुढे अशी स्पर्धा होऊ लागली. नाटकाच्या वृंदाचा खर्च एखाद्या धनिक नागरिकावर सोपविला जाई, परीक्षक चिठ्ठ्या टाकून निवडले जात, आणि विजयी कवीचे नाव नगराच्या दप्तरी नोंदले जाई. सर्व नट पुरुष असत, सर्वांच्या तोंडावर मुखवटे असत, आणि सुखात्मिकेच्या वृंदात चोवीस जण असत.

या जुन्या सुखात्मिकेचा आज उपलब्ध असलेला एकमेव मोठा प्रतिनिधी म्हणजे ॲरिस्टोफेनिस. त्याची अकरा नाटके पूर्ण स्वरूपात टिकली आहेत. त्यांतील वृंद कधी ढगांचा असतो, कधी गांधीलमाश्यांचा, कधी पक्ष्यांचा, तर एके ठिकाणी बेडकांचा. कथानक म्हणावे तर एखादी अफाट कल्पना असते: युद्धाला कंटाळलेला एक शेतकरी शत्रूशी स्वतःपुरताच तह करतो, स्त्रिया युद्ध थांबविण्यासाठी पतींशी असहकार पुकारतात, कोणी आकाशात पक्ष्यांचे नगर वसवितो. नाटकाच्या मध्यावर वृंद कथानक बाजूला सारून सरळ प्रेक्षकांकडे वळतो आणि कवीच्या वतीने नगराला चार गोष्टी सुनावतो. नावे घेऊन थट्टा करण्याला मर्यादा नव्हती. अथेन्सचा बलाढ्य पुढारी क्लिऑन याने इ. स. पूर्व 426 मधील एका नाटकाबद्दल ॲरिस्टोफेनिसला अडचणीत आणण्याचा प्रयत्न केला. दोन वर्षांनी कवीने त्याच क्लिऑनला गुलाम म्हणून रंगमंचावर उभे केले आणि त्या नाटकाला पहिले पारितोषिक मिळाले. सॉक्रेटिसची टर उडविणारे ‘ढग’ मात्र इ. स. पूर्व 423 मध्ये तिसरे आले, म्हणजे त्या स्पर्धेत अखेरचे ठरले.

अशी सुखात्मिका एका विशिष्ट नगराची, विशिष्ट काळाची आणि विशिष्ट राज्यपद्धतीची होती. ती तेथून उचलून दुसऱ्या देशात नेणे शक्य नव्हते, आणि ती भारतात आली असे कोणी म्हटलेलेही नाही.

नव्या सुखात्मिकेचे तसे नाही. इ. स. पूर्व चौथ्या शतकाच्या अखेरीस अथेन्सवर मॅसिडोनियाचे वर्चस्व होते, आणि रंगमंचावरून पुढाऱ्यांची नावे नाहीशी झाली. त्यांच्या जागी कुटुंब आले. सधन घरातला प्रेमात पडलेला तरुण, कंजूष किंवा रागीट बाप, चतुर गुलाम, बढाईखोर शिपाई, उष्ट्यावर जगणारा खुशमस्कऱ्या, मनाने चांगली असलेली गणिका, लहानपणी टाकून दिलेली आणि अखेरीस अंगठीवरून किंवा दागिन्यावरून ओळखू आलेली मुलगी, ही तिची पात्रे. मिनँडर हा या प्रकाराचा सर्वश्रेष्ठ कवी होय. इ. स. पूर्व चौथ्या शतकाच्या उत्तरार्धात जन्मलेल्या या कवीने शंभरावर नाटके लिहिली. (बौद्ध परंपरेत मिलिंद म्हणून प्रसिद्ध असलेला यवन राजा मिनँडर हा निराळा, तो या कवीच्या मृत्यूनंतर शतकाहून अधिक काळाने होऊन गेला. दोघांचे नाव एकच असल्यामुळे नवख्या वाचकाचा घोटाळा होण्याचा संभव असतो.) ही नाटके कोणत्याही नगरात समजण्यासारखी होती, आणि अलेक्झांडरनंतर जेथे जेथे ग्रीक वस्त्या झाल्या तेथे तेथे ती गेली.

वेबर, विंडिश आणि मृच्छकटिक

आल्ब्रेख्त वेबर या जर्मन पंडिताने 1852 साली प्रथम सुचविले, की बॅक्ट्रिया, पंजाब आणि गुजरात येथील यवन राजांच्या दरबारी ग्रीक नाटके होत असतील, ती पाहून भारतीयांना अनुकरणाची प्रेरणा मिळाली असेल. वेबरने हे शक्यतेच्या भाषेत म्हटले होते. अर्न्स्ट विंडिश याने 1882 साली त्या शक्यतेचे सविस्तर प्रतिपादन केले. त्याचा मुख्य साक्षीदार होते शूद्रकाचे ‘मृच्छकटिक’, जे त्या काळी संस्कृतातील सर्वांत जुन्या नाटकांपैकी एक समजले जात होते.

गोविंद बल्लाळ देवलांच्या संगीत नाटकामुळे मृच्छकटिकाची कथा महाराष्ट्राला घरची आहे. दरिद्री चारुदत्त, गुणग्राहक गणिका वसंतसेना, राजाचा मूर्ख आणि दुष्ट मेहुणा शकार, त्याच्या मागे असणारा विट, खादाड विदूषक, चोर, जुगारी, न्यायालय आणि अखेरच्या क्षणी होणारी सुटका. विंडिशने या पात्रांसमोर नव्या सुखात्मिकेतील पात्रे एकेक करून ठेवली. विट म्हणजे खुशमस्कऱ्या, शकार म्हणजे बढाईखोर शिपाई, विदूषक म्हणजे गुलाम. शाकुंतलातील अंगठी आणि रत्नावलीतील माळ ही ग्रीक नाटकातल्या ओळखीच्या खुणांची भावंडे ठरली. नाटकाची प्रस्तावना, अंकांची विभागणी यांतही त्याला ग्रीक वळण दिसले. आणि या सर्वांवर कळस म्हणजे पडद्याला असलेले ‘यवनिका’ हे नाव. पडद्याचे नावच यवनांचे, मग आणखी पुरावा तो कसला हवा?

या प्रश्नात विद्वत्तेबरोबर आणखीही काही गुंतले होते, हे नमूद केले पाहिजे. ज्या देशावर आपण राज्य करतो त्याच्या उत्तम वस्तूंचे मूळ युरोपात सापडले, तर ते काहींना सोयीचे होते. उलट आपल्या नाटकावर परक्याचे ऋण आहे ही कल्पनाच अनेक भारतीयांना असह्य होती. दोन्ही बाजूंचे लेखन वाचताना पुराव्यापुढे आवेश धावत असल्याचे पुष्कळदा जाणवते. फ्रेंच पंडित सिल्व्हाँ लेव्ही याने 1890 साली भारतीय रंगभूमीवरील आपल्या ग्रंथात विंडिशचे मुद्दे एकेक करून तपासले आणि ते अमान्य केले, त्यामागे मात्र आवेश नव्हता.

यवनिकेचेच उदाहरण घ्यावे. ग्रीक नाट्यगृहात रंगमंचाच्या पुढे टांगलेला पडदा नव्हताच. उघड्या आकाशाखाली, भर दिवसा, हजारो प्रेक्षकांपुढे नाटक होई. तेथे पडद्याला काम काय? रंगमंचापुढील पडदा ही पुढे रोमन लोकांनी आणलेली सोय होय. तेव्हा यवनिका या शब्दात यवन असलेच, तर तो त्या कापडात असेल, रंगभूमीत नव्हे. परदेशी बनावटीच्या वस्त्राला त्या देशाचे नाव मिळणे ही नेहमीची गोष्ट आहे. शिवाय ‘जवनिका’ असेही या शब्दाचे रूप आढळते, आणि त्याचा यवनांशी संबंध असेलच असे नाही.

परंतु या वादातील खरी गंमत निराळीच आहे. विंडिशने ज्या ग्रीक नव्या सुखात्मिकेशी मृच्छकटिकाची तुलना केली, तिचे एकही संपूर्ण नाटक त्याने वाचलेले नव्हते. ते त्या काळी कोणालाच वाचता येणे शक्य नव्हते, कारण मिनँडरची सर्व नाटके मध्ययुगात नष्ट झाली होती. इतर ग्रंथकारांनी उद्धृत केलेली वचने तेवढी उरली होती. तुलनेसाठी विद्वानांच्या हाती होती ती प्लॉटस आणि टेरेन्स या रोमन नाटककारांनी ग्रीक नाटकांवरून केलेली लॅटिन रूपांतरे. म्हणजे एका अज्ञात मूळ वस्तूचे दुसऱ्या भाषेतील प्रतिबिंब एका बाजूला, आणि ज्याचा काळ निश्चित नाही असे संस्कृत नाटक दुसऱ्या बाजूला, अशी ही तुलना होती.

त्यानंतर दोन्ही बाजूंचा पुरावा जमिनीतून आणि ग्रंथसंग्रहांतून बाहेर आला, आणि योगायोग असा की तो जवळपास एकाच वेळी आला. 1905 साली इजिप्तमध्ये गुस्ताव्ह लेफेब्व्र याला एका जुन्या घराच्या अवशेषांत कागदपत्रांनी भरलेला एक रांजण सापडला. त्या कागदांच्या रक्षणासाठी वर टाकलेली फाटकी पाने मिनँडरच्या नाटकांची होती. पुढे 1958 साली जिनीव्हा येथून त्याचे ‘माणूसघाणा’ हे नाटक जवळजवळ संपूर्ण स्वरूपात प्रसिद्ध झाले, आणि 1969 साली आणखी दोन नाटकांचे मोठे भाग उजेडात आले. ‘माणूसघाणा’ला इ. स. पूर्व 316 मध्ये लेनायाच्या स्पर्धेत पारितोषिक मिळालेले होते.

भारताच्या बाजूने पाहावे तर मध्य आशियात मिळालेल्या जीर्ण ताडपत्रांतून हाइनरिख ल्यूडर्स याने 1911 साली अश्वघोषाच्या नाटकाचे अंश ओळखून प्रसिद्ध केले. 1912 पासून त्रिवेंद्रम येथून टी. गणपतिशास्त्री यांनी भासाची म्हणून ओळखली जाणारी नाटके छापण्यास आरंभ केला. त्यांत ‘चारुदत्त’ हे चार अंकी नाटक निघाले. मृच्छकटिकाच्या पहिल्या चार अंकांशी त्याचे इतके साम्य आहे, की शूद्रकाने आधीच्या नाटकाचा विस्तार केला, असे बहुतेक अभ्यासक मानतात. विंडिशच्या साक्षीदारालाच एक पूर्वज निघाला.

आता मूळ ग्रीक नाटक हाती आल्यावर काय दिसते? ‘माणूसघाणा’त नाटकाची पार्श्वभूमी पॅन हा देव येऊन सांगतो. संस्कृत नाटकाच्या प्रस्तावनेत सूत्रधार नटीशी किंवा सहकाऱ्याशी गप्पा मारतो, कवीचे नाव सांगतो आणि बोलता बोलता कथेत शिरतो. दोन्ही ठिकाणी आरंभी कोणी तरी बोलते याखेरीज त्यांत समान काही नाही. मिनँडरचे नाटक पाच भागांचे असून भागांच्या मध्ये वृंदाचे नृत्यगान होते. मृच्छकटिकाचे दहा अंक आहेत आणि वृंद नाही. ग्रीक नटांनी मुखवटे घातलेले, तर नाट्यशास्त्राने डोळ्यांच्या आणि भुवयांच्या हालचालींवर अध्यायच्या अध्याय खर्च केलेले. ग्रीक सुखात्मिकेत सर्व पात्रे साधारणपणे एकच भाषा बोलतात, तर संस्कृत नाटकात राजा संस्कृत, राणी एक प्राकृत आणि चोर दुसरे प्राकृत बोलतो. ग्रीक नाटक प्रायः दोन-तीन घरांच्या दारासमोरील एकाच रस्त्यावर घडते. मृच्छकटिक मात्र क्षणात चारुदत्ताच्या घरात, क्षणात वसंतसेनेच्या आठ चौकांच्या वाड्यात, तर क्षणात उद्यानात असते. नटाने रंगमंचावर एक फेरी घातली की स्थळ बदलले.

पात्रांतील साम्य मात्र उरतेच. त्याला उत्तर देताना ए. बी. कीथ यांनी 1924 साली आपल्या संस्कृत नाटकावरील ग्रंथात बरीच सावधगिरी बाळगली. जेथे नगरे आहेत, पैसा आहे आणि गणिका आहेत, तेथे खुशमस्करे आणि बढाईखोर लोकही असतातच. त्यासाठी अथेन्सहून कोणी येण्याची गरज नाही. तरीही काहीच संपर्क नव्हता असे म्हणणे धाडसाचे होईल. अफगाणिस्तानात ऑक्सस नदीकाठी आय खानूम येथे फ्रेंच पुरातत्त्वज्ञांनी पॉल बेर्नार यांच्या नेतृत्वाखाली जे ग्रीक नगर खणून काढले, तेथे हजारो प्रेक्षक बसू शकतील असे नाट्यगृह तर मिळालेच, पण ग्रीक नाटकातील पद्यपंक्तींचे अवशेषही मिळाले. यवन राज्यांत ग्रीक नाटके होत असतील हा वेबरचा अंदाज, निदान बॅक्ट्रियापुरता, खरा ठरला. त्यांचे अनुकरण भारतीयांनी केले, याचा पुरावा मात्र अद्याप मिळालेला नाही. महाराष्ट्रातही यवन होतेच. कार्ल्याच्या चैत्यगृहातील कित्येक स्तंभ यवन दात्यांनी दिल्याचे लेख आहेत, आणि नाशिकच्या पांडवलेण्यांतील एक लेणे उत्तरेकडून आलेल्या इंद्राग्निदत्त नावाच्या योनकाने कोरविले. ही माणसे येथे येऊन बौद्ध विहारांना दाने देत होती, नावे भारतीय ठेवीत होती. त्यांनी सोबत नाटके आणली असतील तर दगडावर त्यांची खूण नाही.

पुन्हा रामगड

आता सीताबेंगरा गुहेकडे परत येता येईल. ती नाट्यगृह होती काय, आणि असल्यास ग्रीक होती काय, हे दोन प्रश्न वेगळे आहेत. ब्लॉख यांनी ते एकत्र बांधले, म्हणून त्यांच्या मताला झटकन प्रसिद्धी मिळाली आणि तितक्याच झटकन विरोधही झाला.

अथेन्समधील डायोनायससचे दगडी नाट्यगृह इ. स. पूर्व चौथ्या शतकात पूर्ण झाले तेव्हा त्यात पंधरा हजारांच्या आसपास प्रेक्षक बसत, असा अंदाज आहे. सीताबेंगऱ्याच्या पायऱ्यांवर आणि ओट्यांवर मिळून काही डझन माणसे बसतील. अर्धवर्तुळाकार बैठक एवढ्याच गोष्टीवरून एकाचा दुसऱ्याशी संबंध जोडणे म्हणजे गावचा पार पाहून त्यात संसदगृहाचा नमुना शोधण्यासारखे आहे. माणसे काही पाहावयास जमली की अर्धवर्तुळातच बसतात. डोंबाऱ्याच्या खेळाभोवती उभी राहणारी गर्दीही तशीच असते. नट कोणत्या बाजूस आणि प्रेक्षक कोणत्या बाजूस, हेदेखील केवळ दगडावरून ठरविता येत नाही.

तिसरा आधार आहे तो लेखाचा. ब्लॉख यांच्या वाचनाप्रमाणे त्यात कवींचा गौरव आहे, आणि वसंत पौर्णिमेच्या दोलोत्सवात, हास्य आणि संगीत चालू असता, लोक गळ्यात मोगऱ्याच्या माळा घालतात असे वर्णन आहे. इतर वाचकांनी काही शब्दांचे वेगळे अर्थ लावले आहेत. लेखात कवी आहेत, उत्सव आहे, हशा आहे. नाटक हा शब्द नाही. अथेन्सचा नाट्योत्सवही वसंतातलाच आणि हास्याचाच, म्हणून मन पुन्हा मोहात पडते. शेजारच्या जोगीमारा गुहेतील लेखात सुतनुका नावाच्या देवदासीवर वाराणसीच्या देवदिन्न नावाच्या पुरुषाने प्रेम केल्याचे सांगितले आहे. देवदासी हा शब्द आलेला सर्वांत जुन्या लेखांपैकी हा एक होय. देवदिन्नाचे वर्णन ‘लुपदख’, म्हणजे रूपदक्ष, असे आहे. रूपदक्ष म्हणजे शिल्पकार, चित्रकार, नाण्यांचा पारखी की सोंगे घेणारा नट, याविषयी मतभेद आहेत. नट असेल तर गुहेच्या नाट्यगृहपणाला बळ येते; पण नाट्यगृह आहे म्हणून तो नट, आणि तो नट आहे म्हणून ते नाट्यगृह, असा फेरा धरून चालणार नाही.

ल्यूडर्स याने 1904 सालीच या गुहांचा विचार भारतीय साहित्याच्या आधारे केला, ही वाट अधिक भरवशाची वाटते. मथुरेच्या एका लेखात गुहेशी संबंधित नटीवाचक शब्द येतो. कालिदासाने विलासी जनांच्या गिरिगुहांचा उल्लेख केला आहे. आणि नाट्यशास्त्रात नाट्यमंडप पर्वताच्या गुहेच्या आकाराचा असावा असे सांगितले आहे, ज्यायोगे आवाज घुमून गंभीर होतो. म्हणजे गुहेतील करमणुकीचे स्पष्टीकरण देण्यासाठी ग्रीसपर्यंत जाण्याचे कारण नाही. सीताबेंगरा ही काव्य, गायन आणि कदाचित नाट्य यांसाठी वापरली जाणारी उत्सवाची जागा होती, इतके म्हणणे आज सुरक्षित आहे. जगातील सर्वांत प्राचीन नाट्यगृह असा तिचा जो उल्लेख कधी कधी होतो तो मात्र बरोबर नाही. ग्रीसमधील काही नाट्यस्थाने तिच्याहून निश्चित जुनी आहेत.

रामगडवर आणखी एक दावा आहे, आणि त्यात महाराष्ट्र प्रतिवादी आहे. मेघदूतातील यक्षाची रामगिरी ती हीच, असे छत्तीसगडात मानतात, व आषाढाच्या पहिल्या दिवसाच्या सुमारास तेथे महोत्सव भरतो. नागपूरजवळील रामटेक ही रामगिरी, हे मत म. म. वा. वि. मिराशी यांनी वाकाटकांच्या ताम्रपटांच्या साहाय्याने मांडले, आणि ते अधिक सबळ आहे. कोणत्याही स्थळाला मोठ्या नावाशी जोडून घेण्याची ओढ केवळ परदेशी पंडितांनाच असते असे नाही.

नाचा आणि मातीची गाडी

सरगुज्याच्या डोंगरांतून दक्षिणेकडे महानदीच्या खोऱ्यात उतरले, की छत्तीसगडचा भाताचा सपाट प्रदेश लागतो. रायपूरहून धमतरीकडे जाताना वाटेत अभनपुर येते आणि तेथून राजिमकडे फाटा फुटतो. पूर्वी या दोन्ही दिशांना लहान मापाच्या रुळांवरून गाडी धावत असे. या पट्ट्यातील खेड्यांतून नाचा हा लोकनाट्यप्रकार चालत आला आहे. भाताची कापणी आटोपल्यानंतरच्या दिवसांत, उघड्या जागेवर, गावकऱ्यांच्या रिंगणात तो रात्रभर चालतो. जोक्कड हा त्यातला विनोदी नट, आणि परी म्हणजे स्त्रीवेष घेतलेला पुरुष. पूर्वी वादक वाद्ये कमरेला बांधून, उभे राहून, मशालींच्या उजेडात वाजवीत. त्याला खडे साज म्हणत. मधल्या विनोदी प्रवेशांना ‘गम्मत’ असे नाव आहे. त्यांत सावकार, मालगुजार, ढोंगी पुरोहित, जातीचा ताठा मिरविणारे यांची खिल्ली उडविली जाते, आणि लिहिलेली संहिता नसल्यामुळे त्या दिवशीच्या गावच्या घडामोडीही संवादात शिरतात.

ॲरिस्टोफेनिस वाचलेल्या माणसाला येथे घरी आल्यासारखे वाटेल. प्रेक्षकांशी थेट बोलणे, स्त्रीवेषातील पुरुष, ग्राम्यतेचा संकोच नसणे, बलवानांची भर सभेत फजिती, सर्व काही आहे. परंतु कोणी विंडिश येथे येऊन नाचा अथेन्सहून आला असे म्हणणार नाही, हे उघड आहे. नाचाचे नाते शोधावयाचे तर ते जवळच शोधले पाहिजे. छत्तीसगड 1741 च्या स्वारीनंतर नागपूरकर भोसल्यांच्या प्रभावाखाली आला. 1758 पासून बिंबाजी भोसले रतनपुरात राहून कारभार पाहू लागले. आणि 1854 पर्यंत भोसल्यांचे राज्य टिकले. विदर्भात ‘खडी गंमत’ नावाचा लोकनाट्यप्रकार आहे. छत्तीसगडचा खडे साज आणि गम्मत, विदर्भाची खडी गंमत, महाराष्ट्राचा तमाशा आणि त्यातला नाच्या, यांची नावे आणि रीती परस्परांना ओळखतात. कोणी कोणाकडून काय घेतले याचा निवाडा येथेही सोपा नाही, पण शतकभर एका राज्याखाली नांदलेल्या शेजाऱ्यांत देवघेव झाली असे म्हणताना काळाची आणि वाटेची अडचण येत नाही. ग्रीक प्रभावाच्या सिद्धान्ताला नेमके हेच दोन दुवे कधी मिळाले नाहीत.

रायपुरात 1923 साली जन्मलेले आणि नागपूरच्या मॉरिस कॉलेजात शिकलेले हबीब तन्वीर हे इंग्लंडमध्ये नाट्यशिक्षण घेऊन आणि युरोपातील रंगभूमी पाहून परत आले, तेव्हा त्यांच्यापुढे प्रश्न होता तो संस्कृत नाटक आज कसे करावयाचे हा. 1958 साली रायपुरात त्यांनी रात्रभर नाचा पाहिला आणि त्यातील सहा कलावंतांना दिल्लीस नेले. त्यांच्यासह त्यांनी जे नाटक उभे केले ते ‘मिट्टी की गाड़ी’, म्हणजे विंडिशच्या मुख्य साक्षीदाराचेच, मृच्छकटिकाचे, हिंदी रूप होय. युरोपीय पद्धतीच्या रंगमंचावर या नाटकाची स्थळे बदलता बदलता नेपथ्यकार थकून जातात. नाचाच्या नटाला त्याचे काहीच वाटत नाही. तो एक फेरी घालतो आणि दुसऱ्या गावी पोहोचतो. खेडुतांना ते पटते.

यावरून नाचा हा संस्कृत नाटकाचा जसाच्या तसा उरलेला अवशेष आहे असे समजणे चुकीचे होईल. दोहोंच्या मध्ये शतकांचे अंतर आहे, आणि दोन टोके जोडणारी कागदपत्रे नाहीत. मात्र नाट्यधर्मीचे हे संकेत परकीय दरबारात पाहून शिकावे लागत नाहीत, खेड्यातील अक्षरशत्रू नटालाही ते सहज साधतात, एवढे त्या प्रयोगाने दाखविले. आरंभीच्या काळात तन्वीर हे नाचाच्या नटांकडून हिंदी वदवून घेत आणि दिग्दर्शकाने आखलेल्या हालचाली करवून घेत. नट अवघडत. 1973 साली रायपूर येथे नाचा कलावंतांसमवेत घेतलेल्या कार्यशाळेपर्यंत त्यांनी दोन्ही आग्रह सोडले होते. छत्तीसगढी बोलीत आणि स्वतःच्या चालीने नट मोकळे झाले. 1975 च्या ‘चरणदास चोर’ला 1982 साली एडिंबरो येथील नाट्योत्सवात पारितोषिक मिळाले. त्या नाटकात एक चोर कधीही खोटे न बोलण्याची प्रतिज्ञा पाळता पाळता प्राणास मुकतो. हास्याच्या अंगाने चाललेले नाटक मृत्यूवर संपते, आणि ग्रीकांनी शोकांतिका व सुखात्मिका यांच्यामध्ये घातलेली भिंत नाचाच्या नटांना ठाऊक नसल्यामुळे त्यांना त्यात काहीच वावगे वाटले नाही.

हबीब तन्वीर यांचे 2009 साली भोपाळ येथे निधन झाले. ‘मिट्टी की गाड़ी’तील पहिल्या सहा नटांपैकी काही जण पुढे कित्येक वर्षे त्यांच्या नया थिएटरमध्ये काम करीत राहिले.